एक पिढी सोडून

ताई,

माझं वय ४७. एका सहकारी बँकेत शाखाधिकारी आहे. घरात बायको, एक मुलगी, आई आणि अण्णा. अण्णा म्हणजे माझे वडील. बाहेर त्यांना सगळे 'बुवा' म्हणतात. नाव लिहीत नाही, पण संगीत नाटकाची आवड असलेल्या आमच्या भागातल्या कोणालाही ते सांगावं लागणार नाही. 'सौभद्र'मधला कृष्ण आणि 'मानापमान'मधला धैर्यधर त्यांनी किती वेळा केला, याचा हिशेब त्यांच्याकडेही नाही.

यंदा त्यांचं सहस्रचंद्रदर्शन. गौरव समिती स्थापन झाली आहे, नाट्यगृहात दोन दिवस सोहळा आहे, गौरवग्रंथ निघतोय. त्यात 'माझे बाबा' या विषयावर मुलाचा लेख हवाच, असं संपादक म्हणतात. कागद पुढ्यात घेतो, 'आमचे बाबा म्हणजे चालतंबोलतं विद्यापीठ' असं काहीतरी लिहितो आणि फाडून टाकतो.

खरं सांगायचं तर मला अण्णा माहीतच नाहीत. माझ्या लहानपणी ते कायम दौऱ्यावर. विदर्भ, मराठवाडा, कोकण, गोवा. पहाटे कधीतरी यायचे आणि दुपारपर्यंत झोपायचे. त्या दिवशी आई कुकर लावत नसे. शिट्टीनं झोप मोडायला नको म्हणून भात पातेल्यात शिजवायची. आम्ही भावंडं पाय न वाजवता दप्तरं उचलून शाळेला जायचो. संध्याकाळी येऊन बघतो तर ते पुढच्या गावाला निघालेले.

सातवीत असताना गॅदरिंगला बाईंनी मला नाट्यगीत म्हणायला उभं केलं. मी नको नको म्हणत होतो. दुसऱ्याच ओळीला सूर सुटला. पेटीवाले गुरुजी माझ्यामागे पट्टी शोधत राहिले. पुढच्या रांगेतले एक गृहस्थ सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, 'बुवांचं काहीच उचललं नाही पोरानं.' त्यानंतर मी मोरीतसुद्धा गाणं गुणगुणलो नाही.

बँकेच्या मुलाखतीत पहिला प्रश्न अण्णांविषयीच होता. ही नोकरी मला मिळाली की त्यांच्या मुलाला, ते मला अजून कळलेलं नाही.

आता माझी मुलगी तेरा वर्षांची आहे. सुरेल गाते. अण्णा रोज संध्याकाळी तिला घेऊन बसतात, स्वतः तंबोरा लावून देतात. घरी येणारा प्रत्येक जण माझ्यादेखत म्हणतो, 'गळा आला बरं का बुवांचा, एक पिढी सोडून!' मी हसतो. परवा तिनंच विचारलं, 'बाबा, तुम्हाला का नाही येत?'

अण्णांनी कधी हात उगारला नाही, काही कमी पडू दिलं नाही. तक्रार करावी असं काही नाही. तरी लेख लिहवत नाही. नाही म्हणावं तर लोक काय म्हणतील? काय करू?

— सोडलेली पिढी

*

नमस्कार.

'तक्रार करावी असं काही नाही' हे वाक्य तुम्ही पत्राच्या शेवटी लिहिलंय. त्याच्या वर पानभर तक्रारच आहे, आणि ती चांगली नेमकी, तारीखवार म्हणावी अशी आहे. बँकेतल्या माणसाला शोभेल अशी. तेव्हा आधी हे वाक्य खोडा, मग पुढचं बोलू.

तुमच्या शेजारी एखादा एसटी ड्रायव्हरचा मुलगा वाढला असेल. त्याचेही वडील रात्री-अपरात्री यायचे, दिवसा झोपायचे, त्याच्याही घरात पोरांना दबकून चालावं लागायचं. आज तो चहा पिताना म्हणाला, 'आमचे वडील आम्हाला कधी दिसलेच नाहीत हो,' तर समोरचा चुकचुकेल आणि स्वतःच्या बापाची एखादी गोष्ट सांगेल. हेच वाक्य तुम्ही बोलून बघा. समोरचा म्हणेल, 'अहो, पण केवढा मोठा माणूस!' संपलं. तुमचं म्हणणं कोणी खोटं ठरवत नाही, ते ऐकूनच घेत नाही. प्रसिद्ध माणसाच्या मुलांकडून काढून घेतली जाते ती ही एक गोष्ट. पैसा, मान, ओळखी वगैरे मिळतं, कधी मिळत नाही, पण चारचौघांसारखं आपल्या बापाविषयी कुरकुरण्याची सोय राहत नाही. मग ती कुरकुर आत मुरते आणि तिला भलतीच नावं चिकटतात. माझ्यात गुण नाही, मला गळा नाही, मी सोडलेली पिढी.

तुमचं दुखणं गळ्याचं आहे असं मला अजिबात वाटत नाही.

तरी गळ्याचा विषय आधी निकालात काढू, कारण तो तुम्ही सातवीपासून उराशी धरून बसला आहात. सातवीतला मुलगा म्हणजे बारा-तेरा वर्षांचा. हे आवाज फुटायचं वय. एका ओळीत आवाज वर जातो, दुसऱ्या ओळीत खाली पडतो, तिसऱ्यात फाटतो, आणि त्यात त्या पोराचा काडीचा दोष नसतो. ज्या रंगभूमीवर पोरसवदा नटांनी वर्षानुवर्षं स्त्रीभूमिका केल्या, तिला आवाज फुटणं ही काय चीज आहे ते पक्कं ठाऊक होतं. तुमच्या बाईंना ते सुचलं नाही. पेटीवाले गुरुजी पट्टी शोधत राहिले याचाच अर्थ कोणी आधी तुमची पट्टी बघितली नव्हती, दोन दिवस सराव घेतला नव्हता. बुवांचा मुलगा आहे, येईलच, असं धरून तुम्हाला थेट उभं केलं. न शिकलेल्या मुलाला, फुटत्या आवाजात, वडिलांच्या ख्यातीवर गायला लावलं आणि मग पुढच्या रांगेतून निकाल लागला. हा निकाल तुम्ही चौतीस-पस्तीस वर्षं सांभाळून ठेवलात. ते गृहस्थ त्या रात्री घरी जाऊन जेवून झोपलेही असतील.

आता खरा मुद्दा. तुम्हाला गाणं शिकवलं कोणी? तुमच्या सबंध पत्रात याचा उल्लेख नाही. माझा अंदाज, कोणीच नाही. बुवा दौऱ्यावर होते. आणि तुमच्या मुलीला कोण शिकवतंय? तेच बुवा, रोज संध्याकाळी, घरी बसून. लोकांना यात रक्ताचा चमत्कार दिसतो. मला यात वेळापत्रक दिसतं. वयाच्या पस्तिशीत बुवांची संध्याकाळ म्हणजे मेकअप, तिसरी घंटा आणि नांदी. ऐंशीत संध्याकाळ मोकळी आहे. ती नातीला मिळाली. तुम्हाला मिळाली असती तर तुम्ही गवई झाला असता असं नाही, पण सूर तरी लागला असता, आणि नसता लागला तर तो का लागत नाही हे सांगायला घरातला माणूस जवळ असता. मला वाटतं, मुलीच्या गळ्याचा तुम्हाला हेवा नाही. तिला मिळणाऱ्या त्या संध्याकाळींचा आहे. आणि मुलीचा हेवा करणारा बाप म्हणजे किती हलका माणूस, असं वाटून तुम्ही तो स्वतःपासूनही लपवलाय. लपवू नका. हेवा वाटणं साहजिक आहे. तो मुलीवर काढला असतात तर मी चार शब्द सुनावले असते. तुम्ही तर पाहुण्यांसमोर हसत बसलात.

अण्णा घरी का नव्हते, याचं उत्तर 'कलेची सेवा' एवढंच नाही, हेही एकदा नीट बघा. १९६४ चं 'मत्स्यगंधा', १९६७ चं 'कट्यार काळजात घुसली' यांनी संगीत नाटकाला पुन्हा भरती आणली होती. तुमचे वडील त्या भरतीत रंगभूमीवर आलेले दिसतात. तुम्हाला कळायला लागलं तोवर ती ओसरत आली होती. संगीत नाटक म्हणजे नटसंच, शिवाय ऑर्गन, तबला, पडदे, शालू-शेले, सगळा लवाजमा गाडीत घालून गावोगाव न्यायचा. आणि नटाला पगार नसतो, नाइट असते, म्हणजे प्रयोगामागे मिळणारे पैसे. प्रयोग झाला तर नाइट, नाही तर घरी बसा. तेव्हा गोव्यात जत्रेचा प्रयोग असो की विदर्भात कंत्राटदारानं ठरवलेला, हो म्हणण्याशिवाय गत नसे. पत्रात तुम्ही लिहिलंय, 'काही कमी पडू दिलं नाही.' ते कमी न पडणं आणि त्यांचं घरी नसणं हे एकाच खात्यातले व्यवहार आहेत. म्हणून तुमची तक्रार खोटी ठरते असं नाही. ते पोटासाठी हिंडत होते हे खरं, आणि तुम्हाला बाप मिळाला नाही हेही खरं. एक खरं ठरवायला दुसरं खोटं ठरवावं लागत नाही.

नोकरीचं मी थोडक्यात उरकते. मुलाखतीत अण्णांचं नाव निघालं, त्याचा फायदा झालाही असेल. असू दे. पण त्यानंतर शाखाधिकारी होईपर्यंतच्या बढत्या? मार्चअखेरची वसुली? थकबाकीदार काही 'मानापमान'मधलं पद आठवून हप्ता भरत नाही. दार वडिलांच्या नावानं उघडलं असेल, आतली सगळी वर्षं तुमच्या नावावर आहेत.

तुमच्यासारखी माणसं इतकी आहेत, आणि त्यातली काही इतकी नामवंत, की जरा आजूबाजूला बघायला हरकत नाही. सुनील गावसकरांनी मुलाचं नाव रोहन जयविश्व ठेवलं. रोहन कन्हाय, जयसिंहा आणि विश्वनाथ, आवडते तीन फलंदाज एकाच पाळण्यात. म्हणजे १२५ कसोटी आणि १०,१२२ धावांचा बाप पुरेसा नव्हता, वर आणखी तिघे. त्या मुलानं डावखुरी फलंदाजी केली, मुंबई सोडून बंगालकडून खेळला आणि २००४ मध्ये भारतासाठी ११ एकदिवसीय सामने खेळला. दुसऱ्या कुठल्याही घरातला मुलगा भारतासाठी अकरा सामने खेळला असता तर त्याच्या तालुक्यात कमान उभी राहिली असती. इथे लोक म्हणतात, 'काही जमलं नाही बिचाऱ्याला.' अर्जुन तेंडुलकरनं डिसेंबर २०२२ मध्ये गोव्याकडून रणजी पदार्पणात शतक केलं, आणि बातम्यांत त्याच्या खेळीच्या शेजारी लगेच वडिलांचं १९८८ चं पदार्पणातलं शतक येऊन बसलं. गंमत म्हणजे ज्यांच्याशी तुलना होते ते सचिन स्वतः एका मराठीच्या प्राध्यापकाचे, कवी रमेश तेंडुलकरांचे चिरंजीव. मुलाला कविता का येत नाही असं तेव्हा कोणी विचारलं नाही. बाप त्याच मैदानात असला की मगच लोक फूटपट्टी काढतात. तुम्ही तर त्या मैदानात उतरलाच नाहीत, शाळेनं एकदा ढकललं तेवढंच. तरी फूटपट्टी तुम्ही जवळ बाळगून आहात.

आता लेख.

गौरवग्रंथ मी बरेच पाहिले आहेत. गुळगुळीत कागद, जाड पुठ्ठा, पहिल्या पानांवर शुभेच्छा संदेश, शेवटच्या पानांवर पेढेवाले, सराफ आणि (माफ करा) सहकारी बँका यांच्या जाहिराती. मधले लेख बहुतेक 'बुवांची आणि माझी पहिली भेट' या वाक्यानं सुरू होतात आणि 'बुवांना उदंड आयुष्य लाभो' या वाक्यानं संपतात. चालतंबोलतं विद्यापीठ त्यात तीन-चार वेळा तरी येणारच आहे. पाचव्यांदा तुम्ही कशाला लिहिता? तुमच्या हातानं तो कागद फाडला गेला याचं मला बरंच वाटलं.

दुसऱ्या टोकाचाही मोह होईल. लिहून टाकू सगळं, कळू दे जगाला. तो रस्ताही एका मोठ्या माणसाच्या मुलानं चालून पाहिला आहे. महात्मा गांधींचे थोरले चिरंजीव हरिलाल यांना इंग्लंडला जाऊन बॅरिस्टर व्हायचं होतं. शिष्यवृत्तीची संधी आली तेव्हा वडिलांनी ती मुलाला न देता दुसऱ्याला दिली. आपल्यावर अन्याय झाला, असं हरिलालना आयुष्यभर वाटत राहिलं, आणि ते अगदीच चूक होतं असं मी म्हणणार नाही. १९१५ मध्ये त्यांनी वडिलांना उद्देशून पत्र लिहिलं आणि ते छापून काढलं. त्यानं वडील बदलले नाहीत, मुलाचं मन निवलं नाही, आणि लोकांनी मुलाचीच बाजू दुबळी धरली. वडिलांच्या हत्येनंतर काही महिन्यांतच, जून १९४८ मध्ये, मुंबईच्या एका रुग्णालयात ते गेले. तुमचं घर त्या घरासारखं नाही, देवाची कृपा. सांगायचं एवढंच की बापलेकाचा हिशेब छापील कागदावर मिटत नाही. तो मांडायचाच असेल तर घरात मांडा, किंवा बायकोपाशी, जुन्या मित्रापाशी, नाही तर समुपदेशकापाशी मांडा. आजकाल जिल्ह्याच्या गावीही समुपदेशक भेटतात, आणि 'पण केवढा मोठा माणूस' असं न म्हणण्याचंच त्यांना शिक्षण दिलेलं असतं.

मग ग्रंथात काय लिहायचं? ते तुम्ही मला लिहून पाठवलंच आहे. पातेल्यातला भात.

बुवांवर लिहिणारे चाळीस जण असतील. त्यांचा षड्ज, त्यांची तान, त्यांनी घेतलेला वन्समोअर, सगळं कोणी ना कोणी लिहील. पण बुवांची झोप मोडू नये म्हणून एका घरात कुकर लावत नसत, हे या जगात फक्त तुम्हा भावंडांना आणि तुमच्या आईला माहीत आहे. तेवढंच लिहा. आई किती वाजता उठायची, भात उतू जाऊ नये म्हणून पातेल्यापाशी उभी राहायची का, तुम्ही कोणत्या फरशीवर पाय द्यायचं टाळायचात, दाराशी त्यांची बॅग असायची का, तिला रंगाचा वास यायचा का. स्तुती करू नका, आरोप करू नका, 'त्यागमूर्ती' हा शब्द तर लेखात फिरकू देऊ नका. नुसतं काय व्हायचं ते सांगा. ज्याला कळायचं त्याला कळेल की रंगमंचावर जे तीन तास उभे राहायचे त्याची किंमत घरात किती जण मोजत होते. ज्याला नाही कळणार तो म्हणेल, 'छान घरगुती आठवण.' दोन्ही चालतं. चार-पाचशे शब्द पुष्कळ झाले.

लहान लेखानं कमीपणा येईल अशी धास्ती वाटत असेल तर शिरीष पैंची आठवण ठेवा. वडील आचार्य अत्रे. भाषण म्हणजे अफाट गर्दी, विनोद म्हणजे गडगडाट, शत्रुत्व म्हणजे अग्रलेखावर अग्रलेख. मुलगी त्याच वडिलांच्या 'मराठा' दैनिकात राबली, त्यांच्यावर प्रेमानं लिहीत राहिली, आणि मराठीत आणला तो हायकू. तीन ओळींची जपानी कविता. त्या आवाजाशी स्पर्धा करायला आणखी मोठा आवाज काढण्याचा प्रश्नच त्यांनी ठेवला नाही.

आईशी बसून बोलल्याशिवाय मात्र लेख लिहू नका. तुमच्या पत्रात आई दोनदा येते. एकदा घरातल्या माणसांच्या यादीत आणि एकदा चुलीपाशी. गौरव समितीतही कोणी तिला काही विचारलं नसणार, फार तर व्यासपीठावर बसवतील आणि खणानारळानं ओटी भरतील. तिच्याकडे तुमच्यापेक्षा जास्त साठलेलं असेल. बोलण्याच्या ओघात असंही निघेल की एखाद्या पहाटे अण्णा आल्या आल्या तुमच्या अंथरुणापाशी उभे राहिले होते. किंवा असं काहीच निघणार नाही. दोन्हीची तयारी ठेवून बसा.

अण्णांशी बोलायचं का? बोलायचंच असेल तर ऐंशीच्या घरातल्या माणसापुढे आरोपपत्र ठेवू नका, प्रश्न ठेवा. 'मी शाळेत होतो तेव्हाच्या दौऱ्यांत घरची आठवण कधी यायची?' एवढा साधा. पहिल्या खेपेला ते तयार उत्तर देतील. प्रसिद्ध माणसांकडे मुलाखतींसाठी घासूनपुसून ठेवलेले किस्से असतात, त्यातला एक तुमच्या वाट्याला येईल आणि तो तुम्ही शंभरदा ऐकलेला असेल. ऐका. काही दिवसांनी पुन्हा विचारा. किश्श्यांचा साठा संपला की कधी कधी माणूस बोलायला लागतो. कधी कधी नाही लागत. या वयात त्यांच्याकडून माफी किंवा शाबासकी मिळेल अशा आशेवर राहू नका. मी ती आशा तुम्हाला दाखवणार नाही.

आता मुलगी, आणि इथे तुमच्याइतकंच अण्णांचंही काम आहे.

'एक पिढी सोडून' हे वाक्य तुम्ही हसून ऐकता, तेव्हा ती तुमच्याकडे बघत असते. म्हणूनच परवा तिनं तो प्रश्न विचारला. पुढचा पाहुणा असं म्हणाला की सरळ आवाजात सांगा, 'गळा तिचा स्वतःचा आहे, आणि रोज दोन तास बसते ती.' बस. यात कोणाचा अपमान नाही. पाहुणा जरा गोंधळेल, मग पोह्यांकडे वळेल. मुलीला मात्र कळेल की बाबांनी तिचं श्रेय तिच्या पदरात टाकलं. कारण 'बुवांची नात' हे ओझं तिच्याही खांद्यावर चढायला सुरुवात झाली आहेच. आज चांगली गायली तर रक्त बोललं, उद्या एखाद्या स्पर्धेत पट्टी चुकली तर 'बुवांची नात असून?' तुम्हाला सातवीत मिळालं तेच तिला वेगळ्या वेष्टनात मिळणार आहे. ती वेळ आली की तिच्या जवळ बसायला घरात तुमच्याइतका जाणकार दुसरा कोणी नाही. बुवांना ते जमायचं नाही, त्यांना त्या बाजूचा अनुभव नाही.

तिच्या प्रश्नाचं उत्तर खरं द्या. 'मला कोणी शिकवलं नाही, आणि एकदा लोकांसमोर फजिती झाली तेव्हापासून मी गायलो नाही.' तेरा वर्षांच्या मुलीला हे छान कळतं. यात अण्णांची चुगली होत नाही. जे झालं ते झालं.

आणि थोडी मोठी झाली की तिला आणखी कोणाकडे तरी शिकायला पाठवा. अण्णांना वाईट वाटेल, तर त्यांनाच मोगूबाईंचं उदाहरण द्या, ते त्यांना तुमच्या-माझ्यापेक्षा जास्त ठाऊक असेल. मोगूबाई कुर्डीकर म्हणजे अल्लादियाखाँसाहेबांची तालीम, जयपूर घराण्याचा कडक कारभार. पण लेकीला त्यांनी आपल्या एकटीच्या गळ्यावर ठेवलं नाही. त्या लेकीला, म्हणजे किशोरीताई आमोणकरांना, भेंडीबाजार घराण्याच्या अंजनीबाई मालपेकरांकडे, आग्रा घराण्याच्या अन्वर हुसेन खाँसाहेबांकडेही तालीम मिळाली. पुढे किशोरीताईंनी घराण्याची चौकट ओलांडली म्हणून जाणकारांनी त्यांना बोल लावले, ते वेगळं. पण गाणं त्यांचं स्वतःचं झालं, आणि आईला त्या अखेरपर्यंत गुरूच मानत राहिल्या. नातीच्या बाबतीत हा विषय अण्णांपुढे काढण्याचा अधिकार तुमचा आहे. तुम्ही तिचे वडील आहात. गाणं येत नाही म्हणून हा अधिकार जात नाही.

लोक काय म्हणतील, असं तुम्ही विचारलंय. लेख दिला नाहीत तर समितीतले दोघे-तिघे चार दिवस बोलतील, मग जेवणाच्या कुपनांवरून त्यांची आपसात जुंपेल आणि तुमचा विषय मागे पडेल. तेव्हा लिहायचं ते या भीतीनं लिहू नका. महिनाभर प्रयत्न करून पातेल्याचा परिच्छेदही कागदावर उतरला नाही, तर संपादकांना 'मला जमत नाही' असं सांगा आणि घरातला एखादा जुना फोटो खाली ओळ लिहून द्या. तेवढ्यानं भागतं.

उतरला तर आधी आईला वाचून दाखवा. स्वयंपाकघर तिचं आहे, छापायला होकार तिचा लागेल. ती म्हणेल ती ओळ काढून टाका. अण्णांना मात्र तो ग्रंथातच वाचू द्या. आधी दाखवलात तर ते दुरुस्त्या सुचवतील, आणि बुवांच्या दुरुस्त्या नाकारायची तुम्हाला अजून सवय नाही.